रेयांश, अनाया, कियारा: नावांच्या साइटवरचे अर्थ कितपत खरे आणि ते तपासायचे कसे?

आत्याबाई

भावाला जुळं झालंय, एक मुलगा, एक मुलगी. पाळण्याशी वाकून कानात 'कुर्र' करायचं काम अर्थातच माझ्याकडे. शिवाय बारशाच्या पत्रिकेत नावाखाली एका ओळीत अर्थ छापायचा असं घरात ठरलंय. दोघांचंही स्वाती नक्षत्र, दुसरा चरण, अक्षर 'रे'. मुलाचं नाव त्यावरूनच हवं, मुलीला अट नाही.

घरच्यांनी साइटवरून काढलेली यादी, कंसात तिथलाच अर्थ:

मुलगा: रेयांश (सूर्याचा पहिला किरण, विष्णूचा अंश), रेयान (छोटा राजा). अक्षर सोडलंच तर आरव (शांत).

मुलगी: अनाया (जिच्याहून श्रेष्ठ कोणी नाही, देवाची कृपा), मायरा (प्रिय), कियारा (तेजस्वी, काळ्या केसांची), सानिका (बासरी).

सातही नावांपुढे 'मूळ: संस्कृत' लिहिलंय. पण कियारा एकाच वेळी तेजस्वी आणि काळी कशी? यातलं खरं काय, आणि पुढच्या वेळी माझं मलाच तपासायचं झालं तर कुठून सुरुवात करू? नाव परभाषेतलं निघालं तर कोणत्या भाषेतला अर्थ छापायचा?

शब्दखूण

'मूळ: संस्कृत' हे लेबल आधी खोडा. या साइट एकमेकींची यादी उतरवतात. त्यामुळे तीन ठिकाणी एकच अर्थ दिसला तरी तो एकाच ठिकाणाहून आलेला असू शकतो.

तुमच्या यादीतलं सर्वांत मजेशीर नाव आरव. संस्कृतात आरव म्हणजे आवाज, ओरडा, गलका. आ + रु (आवाज करणे). मराठीत कोंबडा 'आरवतो' ते याच धातूवरून. शांततेचा त्याच्याशी काहीही संबंध नाही, उलटच आहे. नाव कानाला गोड आहे, ठेवायला हरकत नाही, पण खाली 'शांत' छापू नका. एखादे शास्त्रीबुवा पंगतीत हसतील.

आता तपासायची रीत. पहिलं काम म्हणजे नाव देवनागरीत नीट लिहायचं, ऱ्हस्व-दीर्घासकट. रोमन स्पेलिंगवरून शोधलंत तर अनया, अनाया, अन्या सगळे एकाच पोत्यात जातात. दुसरं काम फोड करायचं: नाव कोणत्या तुकड्यांचं, आणि ते तुकडे जोडले तर संधी खरंच तसा होतो का. 'अंश'वाली नावं इथेच उघडी पडतात. मागचा शब्द अकारान्त असेल तर अ + अ = आ. म्हणून शिवांश, देवांश, वेदांश बरोबर. हरि + अंश मात्र हर्यंश होईल, विष्णु + अंश विष्ण्वंश. कुणी 'हरियांश' ठेवलं की समजायचं, व्याकरणाला सुट्टी दिलेली आहे.

हेच रेयांशला लावा. 'रेय' असा शब्द हवा, तो नाही. 'रै' म्हणजे धन, पण रै + अंश केलं तर 'रायंश' येईल. मग उरतो इंग्रजी 'रे', म्हणजे किरण. 'सूर्याचा पहिला किरण' हा अर्थ तिथूनच आलेला दिसतो: अर्धं इंग्रजी, अर्धं संस्कृत. दुसरी शक्यता म्हणजे 'श्रेयांश'ची मान कापली. गंमत अशी की श्रेयांश हेसुद्धा चुकीचंच रूप. अकरावे जैन तीर्थंकर श्रेयांसनाथ, शेवटी स. ते 'श्रेयस्'पासून आलेलं, त्यात अंश कुठेच नाही. श्रेयस् + अंश केलं असतं तर 'श्रेयोंश' झालं असतं.

फोड चुकली की अर्थ कुठे जातो याचा मराठीतला नमुना म्हणजे 'ऋषिकेश'. मूळ हृषीकेश: हृषीक म्हणजे इंद्रियं, त्यांचा ईश. 'ऋषिकेश' लिहिलं की होतात ऋषीचे केस.

तिसरं काम कोशाचं. संस्कृतसाठी वामन शिवराम आपट्यांचा कोश (१८९०) आणि मोनिअर विल्यम्सचा (१८९९ची आवृत्ती). दोन्ही कोलोन विद्यापीठाच्या संकेतस्थळावर फुकट शोधता येतात, देवनागरीत टाइप करून. मराठीसाठी मोल्सवर्थ (१८५७ची आवृत्ती) आणि दाते-कर्व्यांचा महाराष्ट्र शब्दकोश, हे दोन्ही शिकागो विद्यापीठाच्या संकेतस्थळावर आहेत. शोधताना मूळ प्रातिपदिक (प्रत्यय लागण्याआधीचं रूप) टाका. 'श्रेया' शोधून हाती लागेल ते फसवं, 'श्रेयस्' शोधा, मग कळेल की त्याचं स्त्रीलिंगी रूप श्रेयसी आहे.

मोनिअर विल्यम्समध्ये एक बारीक खूण असते, ती बहुतेक जण वगळतात. अर्थापुढे एकटं 'एल' अक्षर असेल तर तो अर्थ फक्त जुन्या कोशकारांनी नोंदवलाय, एखाद्या ग्रंथात वापर सापडलेला नाही. असा शब्द खोटा नसतो, पण त्याच्या पायाखाली जमीन कमी असते. तुमची सानिका साधारण या जातीची: आपट्यांच्या कोशात सानिका, सानेयी म्हणजे बासरी, पावा. काव्यात मात्र भेटतात वेणू, वंशी, मुरली. तरीही तुमच्या यादीत छापण्याजोगा संस्कृत अर्थ असलेलं हे एकच नाव.

इराणी_चहा

कियाराचं कोडं सोपं आहे. ती दोन वेगळी नावं आहेत.

इटालियनमध्ये 'कियारा' म्हणजे स्वच्छ, उजळ. लॅटिन 'क्लारा'पासून. इंग्रजीतलं क्लेअर, क्लारा हेही तिचेच अवतार. इटालियनमध्ये शब्दारंभीच्या 'क्ल'चा 'क्य' होतो, म्हणून क्लारा ते कियारा. दुसरीकडे आयर्लंडमध्ये एक नाव आहे, ज्याचा तिथला उच्चार 'कीरा'. ते 'कीर' या शब्दापासून, अर्थ काळा, गडद. रोमन लिपीत दोन्ही जवळजवळ सारखी दिसतात. साइटवाल्यांनी दोघींचे अर्थ एका ओळीत कोंबले, आणि तुमची भाची एकाच वेळी उजळ आणि काळी झाली. अर्थ छापायचाच तर 'इटालियन: स्वच्छ, उजळ' एवढंच.

त्याच आयरिश 'कीर'वरून पुरुषांचं नाव 'किअरन', म्हणजे 'छोटा काळा'. सहाव्या शतकातल्या एका प्रसिद्ध आयरिश संताचं नाव. कानाला आपल्या 'किरण'सारखंच लागतं आणि अर्थ नेमका उलटा. ध्वनी जुळला म्हणून नातं जुळत नाही याला याहून चांगलं उदाहरण मिळणार नाही.

बाकीची भराभर घेतो.

मायरा: इंग्लिश कवी फल्क ग्रेव्हिल (१५५४–१६२८) यांनी आपल्या प्रेमकवितांतल्या नायिकेसाठी वापरलेलं नाव. संस्कृताशी संबंध नाही. राजस्थानात मात्र 'मायरा' हा चालू शब्द आहे: भाचीच्या किंवा भाच्याच्या लग्नात मामाकडून येणारा आहेर. मारवाडी शेजारी असतील तर पत्रिका वाचून गालात हसतील. 'कामात तरबेज' या अर्थाचं अरबी 'माहिरा' वेगळं.

रेयान: अरबीत 'रय्यान' म्हणजे पाणी पिऊन तृप्त झालेला, तरारलेला. रोजे ठेवणाऱ्यांसाठी स्वर्गाचा जो दरवाजा सांगितला आहे त्याचंही हेच नाव. आयर्लंडचं 'रायन' हे मुळात आडनाव, 'छोटा राजा' तिकडून आलेलं. संस्कृत दोन्हीकडे नाही.

अनाया: इथे तीन भाषा गुंतल्यात. हिब्रूत 'अनाया' म्हणजे 'देवानं उत्तर दिलं'. बायबलच्या नहेम्या या पुस्तकात (८:४) एज्रा शास्त्र वाचत असताना त्याच्या उजव्या हाताला उभ्या असलेल्यांत हा आहे. 'हा', कारण तो पुरुष. अरबीत 'इनाया' म्हणजे काळजी, आस्था, हे मुलीचं नाव म्हणून सर्रास चालतं. आणि संस्कृतात...

शब्दखूण

संस्कृतचं मी सांगते. 'अनया' म्हणजे 'हिने', 'हिच्यामुळे'. 'इदम्' सर्वनामाची स्त्रीलिंगी तृतीया. सर्वनाम नको असेल तर 'अनय' आहे: अ + नय, म्हणजे अनीती, संकट. आपल्या गौळणींत राधेचा नवरा अनय, तोही पुरुषच. दीर्घ 'ना' असलेलं अनाया संस्कृतात कुठूनच येत नाही. 'जिच्याहून श्रेष्ठ कोणी नाही' हे बहुधा 'अ + नायक'वरून ओढून आणलंय.

आत्याबाई

म्हणजे सातातली सहा बाद! पण मग साइटवाल्यांना अशी नावं बनवायची गरज का पडते? संस्कृतात नावांचा दुष्काळ आहे का?

शब्दखूण

दुष्काळ नावांचा नाही, अक्षरांचा आहे. नक्षत्रं २७, प्रत्येकाचे ४ चरण, एकूण १०८ अक्षरं. एक चरण ३ अंश २० कलांचा. चंद्राला तो ओलांडायला साधारण सहा तास लागतात, म्हणून जुळ्यांना बहुतेक वेळा एकच अक्षर मिळतं. आता या १०८ मध्ये काही अक्षरं अशी आहेत की त्यांवरून शब्दच सुरू होत नाहीत. आर्द्रा: कु, घ, ङ, छ. हस्त: पू, ष, ण, ठ. उत्तराभाद्रपदा: दू, थ, झ, ञ. ङ, ण, ञ वरून कुणी नाव शोधून दाखवावं. पूर्वी याचा त्रास नव्हता, कारण नावरस नाव जन्मपत्रिकेत राहायचं आणि हाक मारायचं नाव वेगळं असायचं. आता दोन्ही एकच हवं, शिवाय दोन-तीन अक्षरी, नवं आणि शेजारच्या बिल्डिंगमध्ये नसलेलं. मागणी एवढी अडचणीची असली की पुरवठा कारखान्यातूनच होणार.

तुमचं 'रे' मात्र त्रासाचं अक्षर नाही. मुलासाठी रेवंत: सूर्याचा मुलगा, घोड्यावर बसलेला दाखवतात. किंवा रेवत: बलरामाची बायको रेवती, तिच्या घराण्यातलं नाव. वेदात 'रेवत्' म्हणजे धनवान, संपन्न. मी वर ज्या 'रै'ची फोड केली त्याचंच हे कुटुंब. त्याचं स्त्रीलिंग रेवती. मुलीलाही हेच अक्षर चालणार असेल तर रेवती, रेवा (नर्मदा), रेणुका आहेतच.

जाता जाता: पारस्कर गृह्यसूत्रात नावाचे नियम दिलेत. मुलाचं दोन किंवा चार अक्षरी, सुरुवात घोष व्यंजनानं (ग, द, ब, म, य, र, व वगैरे), मध्ये य-र-ल-व पैकी काहीतरी. मुलीचं विषम अक्षरी आणि आकारान्त. गंमत बघा, अनाया, मायरा, कियारा या सगळ्या परक्या मुली या कसोटीला उतरतात: तीन अक्षरं, शेवटी आ. मराठी कानाला त्या का पटकन आपल्या वाटतात त्याचं एक कारण हे असावं.

इराणी_चहा

शब्दखूणताईंशी एका मुद्द्यावर वाद घालतो. 'संस्कृत नाही म्हणजे बाद' हा निकाल घाईचा आहे. परकी वाटणारी कितीतरी नावं संस्कृतची सख्खी चुलत भावंडं असतात, फक्त चेहरा बदललेला असतो. मुंबईतल्या पारशांची नावं घ्या.

अवेस्ता (पारशांचा धर्मग्रंथ) आणि वेद यांच्या भाषा एकाच कुळातल्या. मुख्य फरक लक्षात ठेवायचा तो हा: संस्कृतातला स तिकडे बऱ्याचदा ह होतो. सप्त–हप्त, सोम–हओम, सिंधु–हिंदु. आता 'खुस्रो' घ्या. अवेस्तात 'हओस्रवह्', म्हणजे सु + श्रवस्, चांगली कीर्ती असलेला. ऋग्वेदात सुश्रवस् नावाचा माणूस आहे. म्हणजे खुस्रो आणि सुश्रवा ही एकच नावं, दोन घरांत वाढलेली. हेच 'श्रवस्' ग्रीकांकडे 'क्लेओस' झालं (पेरिक्लीस, सोफोक्लीस यांच्या शेवटी तेच आहे) आणि रशिया-पोलंडकडे 'स्लाव' (स्तानिस्लाव).

बेहराम: अवेस्तात 'वेरेथ्रघ्न', आपल्याकडे वृत्रघ्न, म्हणजे वृत्राला मारणारा. जमशेद: 'यिम' + 'क्षएत', म्हणजे तेजस्वी यम. तिकडे यम सुवर्णयुगाचा राजा, आपल्याकडे तोच रेड्यावर बसला. अर्देशीर: 'अर्त' + 'क्षथ्र', सरळ ऋत (सत्य) + क्षत्र (सत्ता). खुर्शीदमधला 'खुर' म्हणजे 'ह्वर', आपला स्वर्, सूर्य. रोशन आणि अलेक्झांडरची बायको रोक्साना यांच्या मुळाशी 'रुच्', चमकणे. म्हणजे रोशनी आणि रोचना मावसबहिणी.

आणि उलटा प्रवास: 'मिहिर' अस्सल संस्कृत म्हणून मिरवतं, पण ते इराणहून आलेलं. अवेस्तातला मिथ्र, पुढे मध्य फारसीत 'मिह्र', तिथून संस्कृतात मिहिर, सूर्य. सहाव्या शतकातल्या वराहमिहिराच्या नावात ते पक्कं बसलं. आणि मिथ्र म्हणजे वेदातला मित्र. अर्थात मिहिर आणि मित्र हे एकाच शब्दाचे दोन टोकांचे पाहुणे.

शब्दखूण

मान्य. पण तुम्ही दिलेल्या प्रत्येक जोडीत ध्वनिबदलाचा नियम सांगता येतो: स चा ह, तो एकदा नाही तर शंभर शब्दांत. 'रेयांश'मध्ये असा नियम दाखवा, मी शब्द मागे घेते. नियम सांगता येतो की फक्त कानाला जुळतं, एवढंच मी बघते.

मराठीतही हाच नियमांचा रस्ता आहे. 'सई'चा अर्थ संस्कृत कोशात सापडणार नाही. सखी – सही – सई, ख चा प्राकृतात ह झाला आणि मग तोही गळला. यूथिका – जूहिआ – जुई: य चा ज, थ चा ह. जाई 'जाती'वरून, जाती हे चमेलीवर्गाच्या वेलीचं संस्कृत नाव. सध्या गाजणारं 'विहान'ही असंच: वि + भा, उजळणे, प्राकृतात भ चा ह, विहाण, म्हणजे पहाट. भोजपुरीत आजही सकाळ म्हणजे 'बिहान'. या नावाच्या बाबतीत साइटचा 'पहाट' अर्थ बरोबर निघाला, आंधळ्याच्या हाती लागलेला का असेना.

खाजणकाठ

फारसी-अरबीचा विषय निघालाच आहे तर मराठ्यांची नावं का वगळायची? हैबतराव (हैबत: दरारा), दौलतराव, सर्जेराव (फारसी 'शर्झा': खवळलेला, सिंहासाठी वापरतात), फत्तेसिंह, हिंमतराव. पुढचा तुकडा अरबी-फारसी, मागचा 'राव' राजन् – राय – राव असा आलेला. शहाजी आणि शरीफजी ही मालोजीराजांच्या मुलांची नावं अहमदनगरच्या शाह शरीफ या पीरावरून ठेवली अशी परंपरा आहे. आडनावांतला 'नीस' फारसी 'नवीस', लिहिणारा: फडणीस, चिटणीस, पारसनीस, पोतनीस. हे शोधायला संस्कृत कोश उघडून उपयोग नाही. माधवराव पटवर्धनांचा फारसी-मराठी कोश (१९२५) किंवा स्टाइनगासचा फारसी-इंग्रजी कोश बघा.

किनाऱ्यावर आणखी दोन थर आहेत. गोव्यात आणि वसईत पोर्तुगीजांमुळे आलेली नावं. वसई १७३९ साली चिमाजी अप्पांनी घेतली, पण नावं राहिली. आडनावांतला शेवटचा 'एस' म्हणजे 'चा मुलगा': फर्नांडिस फर्नांडोचा, रॉड्रिग्ज रॉड्रिगोचा, लोपीस 'लोपो'चा (लॅटिन 'लुपुस', लांडगा). कोकणीतला कायतान म्हणजे मूळचा 'गाएता'चा. गाएता हे इटलीतलं गाव. आपल्या 'नाशिककर'सारखंच. जुवांव म्हणजे हिब्रू 'योहानान', देवानं कृपा केली. इंग्रजांचा जॉन, स्पॅनिश हुआन, रशियन इवान, अरबी याह्या ही सगळी तीच मंडळी. 'इवान' आता पुण्या-मुंबईत मराठी मुलांचं नाव झालंय आणि साइटवर त्याच्यापुढेही 'मूळ: संस्कृत' दिसतं.

हिब्रू नावाला मराठी वळण कसं लागतं ते बेने इस्राएलांकडे, म्हणजे कोकणातल्या मराठी ज्यूंकडे बघावं. मुंबईतलं पहिलं सिनेगॉग १७९६ साली बांधणारे सॅम्युएल एझिकेल दिवेकर, हेच समाजी हसाजी दिवेकर. सॅम्युएलचा समाजी, एझिकेलचा (हिब्रू 'यहेज्केल', देव बळ देईल) हसाजी, बेंजामिनचा बनाजी, अब्राहमचा अबाजी. पहिला-दुसरा ध्वनी ठेवायचा आणि 'जी' लावायचा, आडनावाला गावाचा 'कर'. समाजीचा अर्थ संस्कृत कोशात शोधणारा 'समाज'पर्यंत पोचेल आणि हरवेल.

आणखी एक. कोशातला अर्थ आणि नाव ठेवण्यामागचं कारण या दोन गोष्टी वेगळ्या. धोंडू, दगडू, केरू, भिकाजी यांचे अर्थ कुणालाही कळतात. मुलं जगत नसत तेव्हा दृष्ट लागू नये, यमानं 'हे काय टाकाऊ' म्हणून सोडून द्यावं, यासाठी ती नावं ठेवत. म्हणजे त्या नावात माया काठोकाठ. 'नकुशी' मात्र त्यातली नाही. तिथे मुलगी खरोखर नको होती. सातारा जिल्ह्यात २०११ साली दोनशेहून जास्त नकुशींची नावं समारंभानं बदलली. अर्थाच्या रकान्यात यातलं काहीच मावत नाही.

आत्याबाई

मुलाचं रेवंत पक्कं झालं, आजी खूश. मुलीबाबत भावजय 'अनाया' सोडायला तयार नाही. मग काय छापू?

इराणी_चहा

तीन सरळ मार्ग. एक, नाव तसंच ठेवा आणि छापा 'अनाया: (हिब्रू) देवानं उत्तर दिलं'. खरं आहे, सुंदरही आहे. बायबलमध्ये ते पुरुषाचं आहे म्हणून अडू नका, नावं लिंग बदलत असतात. दोन, एक स्वर बदलून 'इनाया' करा आणि छापा '(अरबी) काळजी, आस्था'. तीन, अर्थाची ओळच काढून टाका. परभाषेतल्या नावाला अर्थ देताना भाषेचं नाव सोबत द्यायचं, एवढं पथ्य पाळलं की कुणी बोट ठेवू शकत नाही. 'समीर'सारखं नाव असलं तर दोन्ही द्यावेत: संस्कृतात वारा, अरबीत रात्री गप्पा मारणारा सोबती. दोन्ही खरे, दोन्ही स्वतंत्र.

शब्दखूण

आणि 'संस्कृत: अतुलनीय' असं छापू नका, एवढीच विनंती.

नोंदवही

अर्थाचं झालं, आता कागदाचं. जन्माची नोंद २१ दिवसांत व्हायला हवी, पण त्यासाठी नाव ठरलेलं असायची गरज नाही. दवाखान्यात जन्म असेल तर माहिती तेच पाठवतात. १९६९च्या जन्म-मृत्यू नोंदणी कायद्याप्रमाणे बाळाचं नाव नोंदीपासून १२ महिन्यांत विनाशुल्क घालता येतं, त्यानंतर १५ वर्षांपर्यंत विलंबशुल्क भरून. एकदा घातलेलं नाव 'आता वेगळं आवडलं' म्हणून नोंदवहीत बदलून मिळत नाही. तिथे दुरुस्ती चुकीची होते, आवडीची नाही. म्हणून घाईनं डिस्चार्जच्या दिवशी नाव देऊ नका. बारसं होऊ द्या.

नाव देताना अर्जावर आधी देवनागरी स्वतःच्या हातानं लिहा, मग रोमन. उलट केलंत तर खिडकीमागचा माणूस स्पेलिंग वाचून त्याला वाटेल ते देवनागरी टाइप करतो. 'अनाया'चं हमखास 'अनया' होतं, कारण रोमनमध्ये दोन्ही एकच. तिथे 'ना'साठी दोन 'ए' हवेत की एक, हे घरी ठरवूनच जा. तेच स्पेलिंग पुढे आधार, शाळा, पासपोर्ट सगळीकडे अक्षरशः तेच लागतं. 'ऋ'ची नावं असतील तर आणखी एक फाटा: मराठीत उच्चार 'रु', हिंदीत 'रि'. ऋतुजाचं स्पेलिंग 'आर यू'नं करायचं की 'आर आय'नं हे ठरवलं नाही तर एका मुलीची दोन नावं होतात. 'सुनीता' आणि 'अनिता'ची गत मराठी कागदावर तशीच. पहिलीत 'नी' दीर्घ (सु + नीत, चांगल्या वळणाची), दुसरी स्पॅनिश 'आना'चं लाडकं रूप म्हणूनही जगभर चालते आणि आपल्याकडे ऱ्हस्व लिहितात. कारकून दोन्ही एकाच साच्यात बसवतात.

छपाईला देण्याआधी प्रूफ मोबाइलवर बघू नका, कागदावर घ्या. रफार आणि अनुस्वार स्क्रीनवर दिसतात आणि छापखान्याच्या जुन्या फॉन्टमध्ये उडतात. 'रेवंत'चा अनुस्वार उडाला तर 'रेवत' उरेल. तेही नाव आहे म्हणून चूक कुणाच्या लक्षातही येणार नाही.

रेवंतच्या स्पेलिंगमध्ये शेवटी नुसता 'टी' लावा. दक्षिणेकडे 'त' साठी 'टी-एच' लिहितात. तिथल्या यादीतून स्पेलिंग उचललंत तर इकडचे मास्तर हजेरीला रोज 'रेवंथ' म्हणतील.